साने गुरुजी

पांडुरंग सदाशिव साने यांचा जन्म २४ डिसेंबर १८९९ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील पालगड या गावी झाला. घराणे खोतांचे, परंतु वडिलांच्या काळी वैभव ओसरले, कर्ज वाढले आणि राहत्या घरावर जप्ती आली. आई यशोदाबाई यांनी ती विपन्नावस्था धीराने सोसली. १९१७ साली त्या निवर्तल्या. शिक्षणासाठी दूर राहिलेल्या पांडुरंगास त्यांची अखेरची भेटही लाभली नाही.

पुढे ते अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिक्षक झाले. वसतिगृहातील मुलांची ते आईच्या मायेने सेवा करीत. १९३० साली नोकरीचा त्याग करून ते सत्याग्रहात सामील झाले. नाशिकच्या तुरुंगात दिवसा काम करून रात्री ते लिहीत बसत. ९ ते १३ फेब्रुवारी १९३३ या पाच दिवसांत ‘श्यामची आई’ या पुस्तकाचा बहुतेक भाग त्यांनी लिहिला. १९३५ साली ते प्रसिद्ध झाले.

या पुस्तकात राजपुत्र नाही, राक्षसही नाही. सावकाराच्या तगाद्याने गांजलेले एक घर आहे. पायांस घाण लागू नये म्हणून जपणाऱ्या श्यामला मनही तितकेच जपावयास शिकविणारी आई आहे. दारिद्र्य, अपमान आणि मृत्यू गुरुजींनी मुलांपासून लपविले नाहीत. मात्र त्या दुःखातून त्यांनी द्वेष शिकविला नाही, प्रेमच शिकविले.

११ जून १९५० रोजी गुरुजींचे निधन झाले. परंतु हालअपेष्टांत वाढणाऱ्या मुलांना त्यांचा श्याम आजही आपला सोबती वाटतो.