नेसण्याची कला आणि बालगंधर्व

आपल्या चंद्रपूर-गडचिरोली भागात दंडारीत पुरुष लुगडे नेसून स्त्रीपात्र करतात. रुंद खांद्यांवरून आणि लांब पावलांवरून पुरुष लगेच ओळखू येतो. मग ज्याचे नेसणे पाहून घरंदाज स्त्रिया तसे नेसू लागल्या, तो नट केवढा कलावंत असेल!

नारायण श्रीपाद राजहंस यांचा जन्म २६ जून १८८८ चा. लहानपणी त्यांचे गाणे ऐकून लोकमान्य टिळकांनी त्यांना बालगंधर्व हे नाव दिले. १९०५ साली ते किर्लोस्कर नाटक मंडळीत आले आणि शकुंतला झाले. १९११ मध्ये ‘मानापमान’च्या पहिल्या प्रयोगाच्या दिवशीच त्यांची लहान मुलगी वारली. तरीही ते भामिनी होऊन रंगभूमीवर उभे राहिले. १९१३ मध्ये गोविंदराव टेंबे व गणपतराव बोडस यांच्यासह त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली.

वस्त्र म्हणजे रेषांचा खेळ. उभ्या निऱ्या नजरेला वरून खाली नेतात, म्हणून देह उंच, सडपातळ भासतो. खांद्यावरून तिरका आलेला पदर छातीची रुंदी झाकतो. शिंप्याच्या कात्रीशिवाय नऊवारीत हे सारे साधते. बालगंधर्वांनी या नेसण्याला चालण्या-बोलण्याची जोड दिली. पुढे देह स्थूल झाला, तरी प्रेक्षकांना रुक्मिणीच दिसत असे. मात्र भरजरी शालू, दागिने, अत्तरे यांवर त्यांनी हात सैल सोडला आणि मंडळी कर्जात बुडाली.

परंतु मला मोठी वाटते ती १९१९ च्या ‘एकच प्याला’तील सिंधू. दारूने उद्ध्वस्त झालेल्या घरातली ही स्त्री. अंगावर ठिगळाचे लुगडे, दागिना नाही. तरी तीच सिंधू लोकांच्या मनात घर करून राहिली.

उतारवयात बालगंधर्वांचे पाय निकामी झाले. १९६४ मध्ये पद्मभूषण मिळाले आणि १५ जुलै १९६७ रोजी पुण्यात ते निवर्तले.

जिवतीच्या डोंगरावरून कॉलेजात आलेली आमच्या घरातली मी पहिली मुलगी. सुरुवातीला स्वतःच्या कपड्यांची फार लाज वाटे. सिंधूविषयी वाचले आणि आजी आठवली. तिचे लुगडे जुनेच असते. पण त्याची निरी कधी वाकडी गेलेली मी पाहिली नाही. यंदाच्या स्नेहसंमेलनात मी तिचेच लुगडे नेसणार आहे. निऱ्या तीच घालून देणार आहे.