आखूड मोज्यांचा ड्यूक

भाऊबंदकीचा विषय निघाला, की मला नॉर्मंडीचा ड्यूक रॉबर्ट आठवतो. १०६६ साली इंग्लंड जिंकणाऱ्या विल्यमचा हा थोरला मुलगा. अंगाने बुटका आणि गुबगुबीत. बापच त्याला आखूड मोज्यांचा म्हणून चिडवी. हात सढळ, बोलणे गोड. माणसे त्याच्यावर खूश असत. पण राज्य काही तेवढ्यावर चालत नाही!

१०७७ च्या सुमारास रुफस आणि हेन्री या धाकट्या भावांनी माडीवरून त्याच्या अंगावर घाण पाणी ओतले. थट्टा पोरकटच, पण बापाने त्यांना शिक्षा केली नाही, म्हणून रॉबर्ट रागाने निघून गेला. १०७९ मध्ये तर बापलेक रणांगणावरच समोरासमोर आले आणि बाप जखमी झाला. तरीही आई मॅटिल्डा नवऱ्याच्या चोरून या मुलाला पैसे पाठवीतच राहिली. राणी झाली म्हणून काय झाले, आईच ती!

१०८७ मध्ये विल्यम वारला. रॉबर्टला नॉर्मंडी, रुफसला इंग्लंड आणि हेन्रीला नुसती रोकड, अशी वाटणी झाली. रॉबर्टने काय करावे? पहिल्या धर्मयुद्धाच्या खर्चासाठी १०९६ मध्ये अख्खी नॉर्मंडी रुफसकडे १०,००० मार्कांना गहाण टाकली. जेरुसलेमला तो शौर्याने लढला. परतताना इटलीत सिबिलाशी लग्न केले. इकडे २ ऑगस्ट ११०० रोजी रुफस शिकारीत बाण लागून मेला आणि तीनच दिवसांनी हेन्रीने राज्याभिषेक उरकून घेतला.

सिबिला गेली ११०३ मध्ये, काही महिन्यांचे मूल मागे ठेवून. पुढे २८ सप्टेंबर ११०६ रोजी तांशब्रेच्या लढाईत हेन्रीने थोरल्या भावाला कैद केले. बरोबर चाळीस वर्षांपूर्वी याच तारखेला त्यांचा बाप इंग्लंडच्या किनाऱ्यावर उतरला होता.

रॉबर्टची कैद मरेपर्यंत सुटली नाही. त्याचा मुलगा विल्यम परमुलखात वाढला. ११२० मध्ये हेन्रीचा एकुलता औरस मुलगा जहाज फुटून बुडाला, तेव्हा वारस म्हणून अनेकांची नजर या पोराकडे वळली. ११२७ मध्ये तो फ्लँडर्सचा काउंट झालाही. पण पुढच्याच वर्षी लढाईतल्या जखमेने गेला. म्हातारा बाप मात्र तुरुंगात आणखी साडेपाच वर्षे जगला.

फेब्रुवारी ११३४ मध्ये कार्डिफला रॉबर्ट वारला. ग्लॉस्टरच्या कॅथीड्रलमध्ये त्याचा रंगवलेला लाकडी पुतळा आहे. अंगात चिलखत, डोक्यावर मुकुट.