पडद्यावर नुसतंच ‘डेव्हिड’, पण आडनाव आपल्या रायगडचं : ‘बूट पॉलिश’च्या जॉन चाचाची गोष्ट

पेणचे पेणकर, रोह्याचे रोहेकर. कोकणात गावावरून आडनाव पडणं यात नवल काहीच नाही. पण ही आडनावं लावणारी काही घरं शनिवारी कामाला हात लावायची नाहीत आणि त्यांच्याकडे पोरांची नावं डेव्हिड, अब्राहम, सॅम्युअल अशी असायची.

ही घरं बेने इस्रायली ज्यूंची. रायगडच्या किनारपट्टीत कित्येक शतकं राहिलेला हा समाज. बोली मराठी, धंदा तेल गाळण्याचा. शनिवार हा त्यांचा शब्बाथ, त्या दिवशी घाणा बंद. म्हणून गावाने त्यांचं नाव पाडलं, शनवार तेली. पेण, अलिबाग, रेवदंड्याला त्यांची सिनेगॉग आहेत.

रेवदंड्याला लागूनच चौल. त्या गावावरून आडनाव पडलं चेऊलकर. आणि याच आडनावाचे डेव्हिड अब्राहम चेऊलकर म्हणजे हिंदी सिनेमातले बुटके, टकले, हसऱ्या चेहऱ्याचे डेव्हिड.

सुरुवात मात्र हसण्यासारखी नव्हती. मुंबई विद्यापीठातून बी.ए. झाले, पण सहा वर्षं नोकरीच मिळाली नाही. शेवटी सिनेमात नशीब आजमावायचं ठरवलं. अभिनेते नायमपल्ली यांच्या ओळखीने १९३७ मध्ये ‘झाम्बो’ सिनेमात काम मिळालं. हिरो होण्यासारखं रूप नव्हतं, त्यामुळे वाट्याला छोट्या भूमिका आल्या. त्यांनी त्याच आयुष्यभर केल्या, शंभरहून जास्त सिनेमांत.

मोठी संधी आली १९५४ मध्ये. राज कपूर यांची निर्मिती असलेला ‘बूट पॉलिश’. भीक मागायला लावलेल्या दोन अनाथ पोरांना कष्टाने कमवायला शिकवणारा जॉन चाचा डेव्हिड यांनी उभा केला. गंमत म्हणजे हा चाचा स्वतः चोरून दारू विकणारा. साधू-संत नसलेला हा माणूस लोकांना खरा वाटला. फिल्मफेअरने सहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार सुरू केला, तेव्हा पहिला मान त्यांनाच मिळाला.

पुढे ‘सत्यकाम’मध्ये ते पारशी रुस्तम झाले, ‘चुपके चुपके’मध्ये हरिपद भैया, ‘बातों बातों में’ सिनेमात ख्रिश्चन अंकल टॉम. ‘गोलमाल’मध्ये अमोल पालेकरला साहेबाच्या आवडीनिवडी आधीच सांगून ठेवणारे डॉक्टर केदारही तेच. एक ज्यू माणूस पडद्यावर प्रत्येक धर्माच्या घरातला काका झाला, आणि कुणालाच ते खटकलं नाही.

फिल्मफेअरच्या सोहळ्यांचं सूत्रसंचालनही ते करायचे. १९६९ मध्ये सरकारने त्यांना पद्मश्री दिली. लग्न त्यांनी केलं नाही. शेवटच्या काळात ते कॅनडाला गेले आणि ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला टोरंटोत त्यांचं निधन झालं.

श्रेयनामावलीत बहुतेकदा नुसतंच ‘डेव्हिड’ झळकायचं. त्यामुळे हा काका आपल्या चौलचा, हे रायगडातल्याही कितीतरी जणांना कधी कळलंच नाही.