भोपाळच्या ताजमहालाची मालकीण

शाहजहानाबादेतून मोतिया तलावाच्या बाजूने जाताना त्या उंच दरवाजापाशी आपण सगळेच कधी ना कधी थबकलो आहोत. बाहेरगावचा पाहुणा बरोबर असला की आम्ही मोठ्या तोऱ्यात सांगतो, ताजमहाल आमच्याकडेही आहे. आग्र्याचा वारलेल्या राणीसाठी बांधला. आमचा एका राणीने स्वतः राहायला बांधला.

त्या शाहजहाँ बेगम. जन्म 1838 चा, भोपाळजवळच्या इस्लामनगरचा. सहा वर्षांच्या असताना वडील वारले, गादी त्यांच्या नावावर झाली आणि कारभार आई सिकंदर बेगमकडे आला. पुढे 1860 साली इंग्रजांनी आईलाच राज्यकर्ती मानले आणि बावीस वर्षांची मुलगी पुन्हा वारसदार होऊन बसली. 1868 साली आई गेल्यावर त्या खऱ्या अर्थाने गादीवर आल्या. पती आदल्याच वर्षी निवर्तले होते.

1871 साली त्यांनी दुसरे लग्न केले, तेही आपल्याच राज्याच्या नोकरीत असलेल्या सिद्दीक हसन खान या विद्वानाशी. त्याच सुमारास मुंबई-पुण्याकडे विष्णुशास्त्री पंडित विधवाविवाहासाठी भांडत होते. मुसलमानांत पुनर्विवाहाला मुभा असली, तरी गादीवरच्या बाईने तो केला म्हणून कुजबुज व्हायची ती झालीच. शिवाय आईच्या राज्यात मोकळेपणे वावरलेल्या बेगमसाहेबा लग्नानंतर पडद्यात गेल्या.

वाड्याचे काम याच वर्षी निघाले आणि 1884 पर्यंत चालले. खर्च तीस लाखांच्या घरात गेला. सुरुवातीला नाव राजमहाल होते, पण तो पाहून खूश झालेल्या इंग्रज रेसिडेंटने ताजमहाल सुचवले, असे सांगतात. आम्ही डिप्लोमावाले, आमची नजर आधी पाण्याकडे जाते. एका तलावाचे पाणी खालच्या तलावात उतरावे अशा पायऱ्यापायऱ्यांच्या तलावांकाठी हा वाडा आहे. आत सावन-भादों नावाचा मंडप आहे, उन्हाळ्यातही पावसात बसल्यासारखे वाटावे म्हणून बांधलेला. मे महिन्यात भोपाळात राहणाऱ्याला त्याची किंमत कळेल!

बेगमसाहेबांना बांधकामाचे वेडच होते. ताज-उल-मसाजिद त्यांनीच सुरू केली. भोपाळ-इटारसी रेल्वेला पैसा दिला. इंग्लंडातल्या वोकिंग गावची 1889 ची मशीद आजही त्यांच्याच नावाने ओळखली जाते. त्या कविता करत, आणि राज्याचा इतिहासही त्यांनी लिहिला.

पण घर काही जुळले नाही. एकुलती उरलेली लेक सुलतान जहाँ हिचे सावत्र वडिलांशी पटेना. मायलेकी एकाच शहरात राहून वर्षानुवर्षे एकमेकींचे तोंड पाहत नव्हत्या. आजीने वाढवलेली नात बिल्किस बाराव्या वर्षी वारली, तरी अबोला सुटला नाही. इंग्रजांनी 1885 साली सिद्दीक हसन यांचे मानमरातब काढून घेतले. 1890 साली ते वारले. ज्याच्यावरून भांडण तो माणूसच राहिला नाही, आता तरी समेट होईल असे कोणालाही वाटले असते. झाला नाही. 1901 साली कर्करोगाने बेगमसाहेबा अंथरुणाला खिळल्या तेव्हा लेक या वाड्यात आली, पण मने मोकळी झाली नाहीत. त्याच वर्षी जूनमध्ये त्या गेल्या. दोघींपैकी चूक कोणाची, हे शंभर वर्षांनी ठरवायला आम्ही बसणार नाही. पण तीस लाखांच्या वाड्यात दोन माणसांना बोलायला जागा मिळू नये, हे मनाला लागते.

सुलतान जहाँ गादीवर आल्या, पण आईच्या वाड्यात राहिल्या नाहीत. त्यांनी पलीकडे कस्र-ए-सुलतानी बांधला. आज तिथे सैफिया कॉलेज आहे. ताजमहाल भरला तो फाळणीनंतर. नवाब हमीदुल्ला खान यांच्या काळात सिंधहून आलेली निर्वासित कुटुंबे इथे उतरली. राणीच्या दालनांत चुली पेटल्या, वळणीवर कपडे वाळले. वाड्याचे हाल झाले हे खरे, पण पोरांनी गजबजलेला तो बहुधा तेव्हाच असेल.

पुढे ती कुटुंबे बैरागढला गेली. 1956 साली राजधानी झाली आणि नागपूरहून फायलींबरोबर आपली वडीलधारी मंडळी आली, त्यांना मिळाले टी. टी. नगरचे दोन खोल्यांचे क्वार्टर. तात्या टोपेंच्या नावाचे, म्हणून बरेही वाटले असेल. वाडा मात्र तोवर पुन्हा रिकामा होता. 2005 साली राज्य सरकारने तो संरक्षित स्मारक जाहीर केला.