विश्लेषण : दोन रेषा समांतर की लंब? ‘चढा’चे गणित मांडणारे गास्पार मोंज कोण होते?

दहावीच्या निर्देशक भूमितीत ‘रेषेचा चढ’ भेटतो आणि अभियांत्रिकीच्या पहिल्या वर्षी इंजिनीअरिंग ड्रॉइंग. या दोन्हींचा धागा एकाच फ्रेंच गणितज्ञापर्यंत जातो, तो म्हणजे गास्पार मोंज. सामान्य घरात जन्मल्यामुळे लष्करी अधिकाऱ्यांच्या वर्गाचे दार त्यांना बंद होते. तरीही त्याच संस्थेला त्यांचे गणित स्वीकारावे लागले.

नकाशाने नशीब कसे बदलले?

मोंज यांचा जन्म मे १७४६ मध्ये फ्रान्समधील बोन या गावी झाला. वडील छोटे व्यापारी होते. तरुणपणी मोंज यांनी स्वतः मोजमापे घेऊन गावाचा नकाशा काढला. तो एका लष्करी अधिकाऱ्याच्या नजरेत भरला आणि त्यांना मेझिएर येथील लष्करी अभियांत्रिकी शाळेत काम मिळाले. मात्र अधिकारी होण्याचे शिक्षण तेथे उमरावांच्या मुलांसाठी होते. मोंज यांच्या वाट्याला नकाशे आणि प्लास्टरच्या प्रतिकृती करण्याचे काम आले.

पहिले उत्तर तपासायलाही नकार का मिळाला?

शत्रूच्या तोफांचा मारा आत पोहोचणार नाही, अशी तटबंदी आखण्याचे काम एकदा त्यांच्याकडे आले. त्यासाठी लांबलचक आकडेमोड करण्याची पद्धत होती. मोंज यांनी भूमितीच्या आधारे उत्तर फारच लवकर आणले. एवढ्या कमी वेळात हे गणित सुटणे शक्यच नाही, असे समजून वरिष्ठांनी आधी ते पाहिलेच नाही. तपासल्यावर ते बरोबर निघाले. मोंज तेथे शिकवू लागले, पण त्यांची पद्धत लष्करी गुपित म्हणून अनेक वर्षे बाहेर येऊ दिली गेली नाही. आजच्या ड्रॉइंगमधील ‘फ्रंट व्ह्यू’ आणि ‘टॉप व्ह्यू’ यांचा पाया तीच पद्धत आहे.

चढावरून रेषा कशा ओळखायच्या?

खणलेली माती भरावापर्यंत कमीत कमी खर्चात कशी न्यायची, यावर मोंज यांचा एक निबंध १७८४ मध्ये छापला गेला. एक बिंदू आणि चढ माहीत असेल तर रेषेचे समीकरण लिहिण्याची आज शिकवली जाणारी पद्धत त्यात दिसते. दोन रेषा लंब असण्याची अटही त्यांनी बीजगणितात मांडली.

चढ म्हणजे रेषा आडवी जितकी सरकते, त्या तुलनेत ती किती वर चढते, हे प्रमाण. एक रेषा (०, ०) पासून (४, २) पर्यंत जाते. ती ४ आडवी सरकते आणि २ वर चढते, म्हणून चढ १/२. दुसरी रेषा (०, ३) पासून (४, ५) पर्यंत जाते. तिचाही चढ १/२ आहे. चढ समान आणि रेषा वेगळ्या, म्हणून त्या समांतर.

आता पहिली रेषा (०, ०) भोवती ९० अंशांत फिरवा. (४, २) हा बिंदू (-२, ४) येथे जातो. आडवे आणि उभे अंतर अदलाबदल होते आणि एकाचे चिन्ह बदलते. नवा चढ -२. दोन्ही चढांचा गुणाकार १/२ × (-२) = -१. गुणाकार -१ आला की रेषा लंब.

एक अपवाद लक्षात ठेवावा. उभ्या रेषेचे आडवे अंतर शून्य असते आणि शून्याने भागता येत नाही, म्हणून तिचा चढ सांगता येत नाही. उभी आणि आडवी रेषा लंब असल्या तरी तेथे गुणाकाराचा नियम लावता येत नाही.

शेवट कसा झाला?

फ्रेंच राज्यक्रांतीनंतर मोंज नौदलमंत्री झाले. पॅरिसच्या एकोल पॉलिटेक्निकच्या उभारणीत त्यांचा मोठा वाटा होता. गुपित राहिलेली भूमिती १७९५ मध्ये त्यांनी खुल्या व्याख्यानांतून शिकवली. १७९८ मध्ये ते नेपोलियनच्या मोहिमेबरोबर इजिप्तला गेले.

नेपोलियनची सत्ता गेली आणि ही जवळीक महागात पडली. १८१६ मध्ये फ्रान्सच्या सर्वोच्च विद्वत्सभेतून त्यांना काढण्यात आले. २८ जुलै १८१८ रोजी त्यांचे निधन झाले. पॉलिटेक्निकच्या विद्यार्थ्यांना अंत्ययात्रेला जाण्याची परवानगी मिळाली नाही, म्हणून ते नंतर त्यांच्या कबरीवर गेले. १९८९ मध्ये मोंज यांचे अवशेष पॅरिसच्या पँथिऑनमध्ये, देशाच्या थोर व्यक्तींच्या शेजारी, सन्मानाने ठेवण्यात आले.