मायमराठीतून निघालेली वाट : स्मिता पाटील

17 ऑक्टोबर 1955 रोजी पुण्यात जन्मलेल्या स्मिता पाटील यांना समाजकारणाचा वारसा घरातूनच लाभला. वडील शिवाजीराव गिरधर पाटील राजकारणात, तर आई विद्याताई समाजसेवेत रमलेल्या. पुण्याच्या रेणुका स्वरूप कन्याशाळेत शिकलेली ही सावळी, मोठ्या डोळ्यांची मुलगी पुढे मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या सांगू लागली. फिल्म इन्स्टिट्यूटचे विद्यार्थी अरुण खोपकर यांच्या ‘तीव्र मध्यम’ या पदविकापटात तिने काम केले आणि श्याम बेनेगल यांनी तिच्यातील अभिनेत्री ओळखली.

समांतर चित्रपटाच्या गाठीशी तेव्हा ना पैसा होता, ना हमखास प्रेक्षक. ‘मंथन’ (1976) तर गुजरातच्या पाच लाख दूध-उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन उभा केला. अशा बेभरवशाच्या वाटेवर स्मिताताई निष्ठेने चालल्या. हंसा वाडकर यांच्या आत्मकथनावर बेतलेल्या ‘भूमिका’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तेव्हा त्या जेमतेम बाविशीच्या होत्या. ‘चक्र’मधील झोपडपट्टीतल्या अम्माने तोच सन्मान पुन्हा मिळवून दिला. डॉ. जब्बार पटेल यांच्या ‘उंबरठा’तील (1982) सुलभा महाजन महिलाश्रमाच्या कामासाठी घराबाहेर पडते. संसार की कार्य, हा तिच्यापुढील पेच आजही अनेक घरांतून सुटलेला नाही.

पुढे व्यावसायिक चित्रपटांनी त्यांना अफाट लोकप्रियता दिली. तरीही छोट्या चित्रपटांची साथ त्यांनी सोडली नाही. बंगालीत मृणाल सेन यांचा ‘अकालेर संधाने’, गुजरातीत केतन मेहता यांचा ‘भवनी भवाई’, मल्याळममध्ये अरविंदन यांचा ‘चिदंबरम्’ आणि आपल्या कर्नाटकात नागाभरण यांचा ‘अन्वेषणे’ अशा परभाषांच्या अंगणांतही त्या सहज वावरल्या.

1985 मध्ये त्यांना पद्मश्री लाभली. पुढल्याच वर्षी, पुत्रजन्मानंतर अवघ्या पंधरा दिवसांनी, 13 डिसेंबर 1986 रोजी बाळंतपणानंतरच्या गुंतागुंतीमुळे त्यांचे निधन झाले. वय होते एकतीस. सुभेदाराच्या जुलमापुढे न झुकणारी ‘मिर्च मसाला’तील सोनबाई त्यांच्या मृत्यूनंतर पडद्यावर आली.

मराठीत शिकल्याने जग आखडते, ही शंका कन्नड मुलुखातील मराठी पालकांच्या मनात वारंवार डोकावते. स्मिता पाटील यांचे अल्प, पण भरलेले आयुष्य तिला शांतपणे उत्तर देते. ज्याची मुळे मायबोलीत घट्ट रुजलेली असतात, त्याला परभाषेचे अंगण परके वाटत नाही.