खडकीच्या माळावरून परळच्या वाड्यात

परळ-प्रभादेवी भागातील जुन्या रहिवाशांच्या तोंडून एल्फिन्स्टन हे नाव अजून पुरते गेलेले नाही. जुलै २०१८ मध्ये पश्चिम रेल्वेच्या स्थानकावरची पाटी बदलली आणि तेथे प्रभादेवी हे नाव आले. तथापि, त्या स्थानकाला ज्याचे नाव होते, तो एल्फिन्स्टन आणि मराठ्यांच्या इतिहासात वाचावयास मिळणारा एल्फिन्स्टन या दोन निराळ्या व्यक्ती होत. स्थानकाचा मूळ धनी लॉर्ड जॉन एल्फिन्स्टन हा १८५३ ते १८६० या काळात मुंबईचा गव्हर्नर होता. आजच्या हॉर्निमन सर्कललाही पूर्वी त्याचेच नाव होते. पेशवाईचा शेवट घडवून आणणारा माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन हा या जॉनचा चुलता. त्याचाही परळशी संबंध आहेच. किंबहुना तो अधिक जवळचा आहे. आज जेथे हाफकिन संस्था आहे, तो जुना राजवाडा म्हणजे त्या वेळचे गव्हर्नरचे निवासस्थान. मूळच्या जेझुइट पाद्र्यांच्या या वास्तूला दोन्ही बाजूंचे सोपे जोडून तिला भव्यता आणली ती या चुलत्याने.

माउंटस्टुअर्टचा जन्म ६ ऑक्टोबर १७७९ रोजी स्कॉटलंडमधील एका सरदार घराण्यात झाला. घराण्याला प्रतिष्ठा होती; पण तो चौथा मुलगा, त्यामुळे वारसा त्याच्या वाट्याला येण्याचा संभव नव्हता. अशा मुलांसाठी त्या काळी ईस्ट इंडिया कंपनीची नोकरी हा राजमार्ग असे. १७९६ मध्ये, वयाच्या सतराव्या वर्षी, तो कलकत्त्यास उतरला. बनारसला नेमणूक झाल्यावर जानेवारी १७९९ मध्ये अयोध्येच्या पदच्युत नबाब वजीर अलीच्या माणसांनी तेथील इंग्रजांवर हल्ला केला, तेव्हा घोड्यावर बसून पळाला म्हणून तो वाचला. हिंदुस्थानातील सत्ता किती पातळ बर्फावर उभी आहे, याचा हा पहिला धडा त्याला मिळाला आणि तो तो कधीच विसरला नाही.

१८०१ मध्ये त्याची पुण्याच्या रेसिडेन्सीत बदली झाली. पुढच्याच वर्षाच्या अखेरीस दुसऱ्या बाजीरावाने वसईचा तह करून इंग्रजांची तैनाती फौज स्वीकारली. त्यातून उद्भवलेल्या १८०३ च्या युद्धात एल्फिन्स्टन आर्थर वेलस्लीच्या छावणीत होता. असई, अडगाव आणि गाविलगड या तिन्ही लढाया त्याने जवळून पाहिल्या. वेलस्ली म्हणजे पुढे वॉटर्लूला नेपोलियनचा पराभव करणारा ड्यूक ऑफ वेलिंग्टन. या मुलकी कारकुनाचा धंदा चुकला, याने शिपाईच व्हावयास हवे होते, असे त्याचे मत झाल्याचे सांगतात. युद्धानंतर एल्फिन्स्टन काही वर्षे नागपूरकर भोसल्यांकडे रेसिडेंट होता. १८०९ मध्ये तो अफगाणिस्तानच्या शाह शुजाकडे वकील म्हणून गेला. काबूलपर्यंत पोहोचण्याची वेळच आली नाही, भेट पेशावरलाच झाली. मात्र त्या चार महिन्यांत जमविलेल्या माहितीवर त्याने लिहिलेला काबूलच्या राज्यावरचा ग्रंथ १८१५ मध्ये प्रसिद्ध झाला आणि अफगाण समाजाचा अभ्यास करणारे आजही त्याकडे वळतात. लढाईच्या मुक्कामातही ग्रीक आणि फार्सी ग्रंथ जवळ बाळगणारा, पहाटे उठून वाचणारा, जन्मभर अविवाहित राहिलेला हा मनुष्य होता. अशा माणसाविषयी शत्रूलाही आदर वाटावा. परंतु १८११ मध्ये तो रेसिडेंट म्हणून पुण्यास परतला तो विद्वान म्हणून नव्हे.

दुसरा बाजीराव हा मराठी मनाला न आवडणारा पुरुष आहे. त्याच्या भित्रेपणाच्या आणि विलासाच्या कथा इतक्या रंगविल्या गेल्या आहेत की, त्याची कोंडी किती घट्ट होती हे दृष्टीआड होते. आपल्याच राजधानीत परक्यांची फौज आणि तिचा खर्च आपल्याच मुलखातून, अशी ती स्थिती होती. बडोद्याच्या गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन इंग्रजांच्या हमीवर पुण्यास आले आणि जुलै १८१५ मध्ये पंढरपुरात त्यांचा खून झाला. एल्फिन्स्टनने पेशव्याचा कारभारी त्रिंबकजी डेंगळे याच्यावर ठपका ठेवला आणि त्याला ताब्यात घेऊन ठाण्याच्या किल्ल्यात डांबले. सप्टेंबर १८१६ मध्ये त्रिंबकजी तेथून निसटला. पहाऱ्यावरच्या गोऱ्यांना मराठी कळत नसल्याने एका मोतद्दाराने गाण्यातून त्याला पळण्याची वाट सांगितली, अशी आख्यायिका प्रसिद्ध आहे.

त्रिंबकजीला पेशव्याचीच फूस आहे, या कारणावरून एल्फिन्स्टनने मे १८१७ मध्ये पुण्याला फौजेचा वेढा घातला. सिंहगड, पुरंदर आणि रायगड हे किल्ले तारण म्हणून मागून घेतले आणि १३ जून १८१७ रोजी बाजीरावाकडून नवा तह लिहून घेतला. या तहाने पेशव्याने मराठी मंडळाचे प्रमुखपद सोडले आणि इतर दरबारांशी वकील ठेवण्याचा अधिकार गमावला. मोठा मुलूखही गेला. आपण पेशवाईच्या अंताची तारीख लढाईत शोधतो. माझ्या मते ती या कागदात आहे. पुणे, ग्वाल्हेर, इंदूर, नागपूर, बडोदा यांना जोडणारा, कितीही जीर्ण झालेला असो, एक धागा होता. तो एल्फिन्स्टनने लेखणीने कापला. त्यानंतर बाजीरावापुढे दोनच मार्ग उरले : संस्थानिक होऊन बसणे किंवा लढणे.

तो लढला. ५ नोव्हेंबर १८१७ रोजी मराठी फौज संगमावरच्या रेसिडेन्सीवर चालून आली. एल्फिन्स्टन सावध होता. बाळाजीपंत नातू यांच्यासारख्या माणसांकडून त्याला दरबारातल्या हालचाली कळत होत्या. मुंबईहून मजल-दरमजल करीत आलेली गोरी पलटण आधीच खडकीला हलविली होती. तो नदी ओलांडून तिला जाऊन मिळाला आणि मागे रेसिडेन्सी पेटली. त्याचा ग्रंथसंग्रह आणि कागदपत्रे त्या आगीत नष्ट झाली. खडकीच्या माळावर इंग्रजांची फौज तीन हजारांच्याही आतली, तर बापू गोखल्यांच्या हाताखाली तिच्या कित्येक पट सैन्य होते. पण मराठ्यांच्या घोडदळाचा मुख्य हल्ला वाटेतल्या दलदलीत अडकला आणि मोर दीक्षित पडले. पेशवा पर्वतीवरून हे पाहत होता. १७ नोव्हेंबरला पुणे पडले आणि शनिवारवाड्यावर इंग्रजांचे निशाण चढले. ते चढविणाऱ्या नातूंचे नाव महाराष्ट्र विसरलेला नाही.

खडकीचा विचार एकट्या पुण्यापुरता केला तर त्या मोहिमेचा आवाका कळत नाही. गव्हर्नर-जनरल लॉर्ड हेस्टिंग्जने पेंढाऱ्यांच्या बंदोबस्ताच्या निमित्ताने एक लाखाहून अधिक फौज मध्य हिंदुस्थानाभोवती उभी केली होती. ज्या दिवशी खडकीला तोफा धडाडत होत्या, त्याच दिवशी ग्वाल्हेरला दौलतराव शिंद्यांनी लढाई न करता तहावर सही केली. नोव्हेंबरअखेर सीताबर्डीला नागपूरकर हरले, २१ डिसेंबरला महिदपूरला होळकरांची फौज मोडली. कोटा, जोधपूर, उदयपूर, जयपूर ही राजपूत राज्ये काही महिन्यांत एकामागून एक कंपनीच्या आश्रयाला गेली. १ जानेवारी १८१८ ला कोरेगावची लढाई झाली. २० फेब्रुवारीला आष्टीला बापू गोखले धारातीर्थी पडले. ३ जूनला बाजीराव माल्कमच्या स्वाधीन झाला आणि सालीना आठ लाखांच्या पेन्शनवर ब्रह्मावर्तास गेला. सतलजपासून समुद्रापर्यंतच्या या खंडप्राय देशात, सिंध वगळता, कंपनीच्या संमतीवाचून दुसऱ्या राज्याशी बोलू शकेल असा दरबार उरला नाही. अनेक सत्तांच्या तोलावर उभी असलेली शंभर वर्षांची व्यवस्था आठ महिन्यांत संपली.

जिंकणे हेस्टिंग्जचे, पण जिंकलेले पचविण्याचे काम एल्फिन्स्टनचे. ते त्याने कमालीच्या हुशारीने केले. बाजीरावाचा पाठलाग चालू असतानाच, ११ फेब्रुवारी १८१८ रोजी, साताऱ्याहून त्याने जाहीरनामा काढला. वतने, इनामे, देवस्थानांची उत्पन्ने चालू राहतील. मामलतीचे मक्ते बंद होतील. छत्रपतींना स्वतंत्र राज्य मिळेल, असा त्याचा आशय होता. पेशव्याच्या नजरकैदेतून सुटलेल्या छत्रपती प्रतापसिंहांना नीरा आणि वारणा यांच्या दरम्यानचा मुलूख देऊन गादीवर बसविले, आणि मराठ्यांची मने पेशव्यापासून अलग झाली. खालसा झालेल्या मुलखाचा आयुक्त म्हणून त्याने जुन्या पंचायती, पाटील-कुलकर्णी, शक्य तेवढे जसेच्या तसे ठेवले. हा उदारपणा होता, पण हिशेबी होता. त्याच सुमारास पुण्यात युरोपीयांना ठार करण्याचा कट उघडकीस आला, तेव्हा याच सौम्य माणसाने पुढाऱ्यांना तोफेच्या तोंडी दिले. या शिक्षेबद्दल सरकारकडून संरक्षण मागून घ्यावे, असे मुंबईच्या गव्हर्नरने सुचविले असता त्याने ते साफ नाकारले.

१ नोव्हेंबर १८१९ रोजी तो मुंबईचा गव्हर्नर झाला. या मोहिमेने सर्वांत अधिक बदलले असेल तर ते मुंबईला. वीस वर्षांपूर्वी मुंबई इलाखा म्हणजे काही बेटे, साष्टी आणि किनाऱ्यावरचे तुरळक ठाणे. आता खानदेशापासून धारवाडपर्यंतचा देश आणि सगळे इंग्रजी कोकण तिच्या हाताखाली आले. व्यापाराची वखार एकाएकी राजधानी झाली. रत्नागिरीची माणसे पोटासाठी गिरगावच्या वाड्यांत आणि पुढे गिरण्या उभ्या राहिल्यावर घाटावरच्या माणसांसह लालबाग-परळच्या चाळींत उतरली, त्या वाटेची पहिली फरसबंदी १८१८ चीच. एल्फिन्स्टन स्वतः परळला राहत असे. मलबार हिलच्या टोकावर गव्हर्नरसाठी पहिला बंगलाही त्याच्याच कारकिर्दीतला. १८२५ मध्ये बिशप हेबर परळला त्याचा पाहुणा होता आणि यजमानाच्या विद्वत्तेने व साधेपणाने भारावून गेला.

त्याच्या आठ वर्षांच्या कारकिर्दीत दिवाणी-फौजदारी कायद्यांची संहिता तयार झाली, ती १८२७ ची. पण त्याचे नाव राहिले ते शिक्षणाने. पेशव्यांच्या दक्षिणेची रक्कम विद्येकडे वळवून १८२१ मध्ये बाजीरावानेच बांधलेल्या विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा निघाली. आजच्या डेक्कन कॉलेजचे ते मूळ. १८२२ मध्ये त्याच्या आश्रयाखाली मुंबईत शाळा व शाळापुस्तके काढणारी मंडळी उभी राहिली. सदाशिव काशीनाथ छत्रे, बाळशास्त्री जांभेकर ही आधुनिक मराठी गद्याची पहिली माणसे तिच्याच छायेत वाढली. त्याच्या तंबूत मराठी छापील पुस्तकांचा ढीग पाहून एका अधिकाऱ्याने विचारणा केली असता, एतद्देशीयांना शिकविण्यासाठी ती आहेत, पण आपल्याला मायदेशी परत पाठविणारा रस्ताही हाच, अशा आशयाचे उत्तर त्याने दिल्याची हकिकत प्रसिद्ध आहे. आपले राज्य कायमचे नाही, हे इतक्या स्वच्छपणे जाणणारा जेता विरळा.

परंतु हा रस्ता सर्वांसाठी नव्हता. १८२४ मधील शिक्षणविषयक टिपणात त्याने नमूद केले की, मिशनऱ्यांना सर्वांत हुशार विद्यार्थी खालच्या मानलेल्या जातींत आढळतात. मात्र सरकारने त्यांना विशेष उत्तेजन देऊ नये, नाही तर वरच्या वर्गांचा विश्वास जाईल आणि नवे शिक्षण तेथेच थांबेल. साताऱ्याच्या जाहीरनाम्यातली बुद्धीच येथेही काम करीत होती : ज्यांच्या हाती समाज आहे त्यांना दुखवायचे नाही. कोरेगावला कंपनीसाठी लढलेल्या महार शिपायांची मुले सरकारी शाळेच्या दाराबाहेर राहिली, याला रूढी कारण होती तसे हे धोरणही कारण होते. बरोबर शंभर वर्षांनी, १९२४ मध्ये, परळच्याच दामोदर हॉलमध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या बहिष्कृत हितकारिणी सभेचे काम सुरू झाले. या सभेतर्फे १९२८ मध्ये सायमन कमिशनला सादर केलेल्या निवेदनात बाबासाहेबांनी एल्फिन्स्टनचे हेच टिपण पुराव्यादाखल पुढे ठेवले. बाबासाहेब स्वतः एल्फिन्स्टन कॉलेजचे १९१२ चे पदवीधर. एल्फिन्स्टनची थोरवी गाणाऱ्या आपल्या जुन्या चरित्रलेखकांनी या टिपणाकडे बहुधा पाठ फिरविली, ही गोष्ट खटकते.

नोव्हेंबर १८२७ मध्ये तो मुंबई सोडून निघाला, तेव्हा गिरगावच्या तरुण नाना शंकरशेटांसह शहरातील हिंदू, पारशी, मुसलमान धनिकांनी त्याच्या नावे दोन लाखांहून अधिक रुपयांचा निधी जमविला आणि त्यातून एल्फिन्स्टन प्राध्यापकांच्या जागा निर्माण झाल्या. कॉलेजचा उगम तोच. दादाभाई नौरोजी, न्यायमूर्ती रानडे, रामकृष्ण गोपाळ भांडारकर हे सारे पुढे तेथूनच निघाले.

विलायतेत गव्हर्नर-जनरलपद त्याच्याकडे चालून आले असता प्रकृतीच्या कारणाने त्याने ते नाकारले. १८४१ मध्ये त्याचा हिंदुस्थानाचा इतिहास प्रसिद्ध झाला. १८३९ मध्ये प्रतापसिंह पदच्युत झाले आणि १८४८ मध्ये डलहौसीने साताराच खालसा केला. स्वतःच्या हातांनी उभारलेले राज्य आपल्याच सरकारने गिळलेले त्याला रुचले नाही. १८५१ मध्ये ब्रह्मावर्ती बाजीराव वारला. त्याचे पेन्शन दत्तक पुत्र नानासाहेबांना नाकारले गेले आणि त्याचे फळ १८५७ मध्ये कानपूरला दिसले. ती वार्ताही म्हाताऱ्या एल्फिन्स्टनला ऐकावी लागली. २० नोव्हेंबर १८५९ रोजी सरे परगण्यातील आपल्या घरी तो मरण पावला. परळच्या वाड्यात तेव्हा त्याचा पुतण्या जॉन गव्हर्नर म्हणून राहत होता. चुलत्याचा शांत्रीने घडविलेला संगमरवरी पुतळा मुंबईच्या टाऊन हॉलमध्ये, एशियाटिक सोसायटीच्या पुस्तकांच्या सोबतीत, उभा आहे.